हरि नारायण आपटे : ‘करमणूक’कार कादंबरीकार

मराठी कादंबरीला अद्भुतरम्य कथानकांच्या चाकोरीतून बाहेर काढून मध्यमवर्गीय घराच्या माजघरात आणणारे लेखक म्हणून हरि नारायण आपटे यांचे नाव घेतले जाते. ते कादंबरीकार होते तसेच सत्तावीस वर्षे एका साप्ताहिकाचे संपादकही होते. त्यांच्या कादंबऱ्यांचे मोठेपण आणि त्यांतील उणिवा यांचा उलगडा या संपादकपदाकडे पाहिल्याशिवाय होत नाही.

हरिभाऊंचा जन्म ८ मार्च १८६४ रोजी खानदेशातील पारोळे येथे झाला. पुण्याच्या न्यू इंग्लिश स्कूलमध्ये त्यांना विष्णुशास्त्री चिपळूणकर आणि गोपाळ गणेश आगरकर यांचा सहवास लाभला. १८८२ मध्ये विष्णुशास्त्री निवर्तले, तेव्हा या विद्यार्थ्याने ‘शिष्यजनविलाप’ हे शोककाव्य लिहिले. आगरकरांनी ‘हॅम्लेट’च्या आधारे लिहिलेल्या ‘विकारविलसित’ या नाटकावर त्यांनी केलेली दीर्घ टीकाही गाजली. पुढे महाविद्यालयीन शिक्षण झाले, पदवी मात्र मिळाली नाही. चुलते महादेव चिमणाजी आपटे यांनी १८८८ मध्ये स्थापन केलेल्या आनंदाश्रम या संस्थेची व्यवस्था हरिभाऊंकडे आली आणि नोकरीच्या मागे न लागता लेखन करण्याची मोकळीक त्यांना मिळाली.

त्यांची पहिली कादंबरी ‘मधली स्थिती’ १८८५ मध्ये ‘पुणे वैभव’ या पत्रातून क्रमशः येऊ लागली. नियतकालिकातून कादंबरी प्रसिद्ध करण्याची प्रथा तेव्हा नवी नव्हती. ‘विविधज्ञानविस्तार’चे संपादक रा. भि. गुंजीकर यांनी आपली ‘मोचनगड’ ही कादंबरी त्याच मासिकातून वाचकांपुढे आणली होती. हरिभाऊंनी हीच वाट हमरस्ता केली. १८९० मध्ये त्यांनी ‘करमणूक’ हे साप्ताहिक सुरू केले.

तो काळ कडव्या वादांचा होता. संमतिवयाच्या विधेयकावरून टिळकांचा ‘केसरी’ आणि आगरकरांचा ‘सुधारक’ यांच्यात खडाजंगी चालली होती. मार्च १८९१ मध्ये या विधेयकाचा कायदा झाला. नेमक्या याच सुमारास ‘करमणुकी’त ‘पण लक्षात कोण घेतो!’ ही कादंबरी येत होती. यमू या मुलीने स्वतःच सांगितलेली ही आत्मकथा बालपण, सासर, पतीच्या सहवासातील थोडे सुखाचे दिवस, वैधव्य आणि सक्तीचे केशवपन या क्रमाने पुढे सरकते. अग्रलेखांतून जो प्रश्न पुरुष पुरुषांशी भांडून मांडत होते, तोच येथे एका स्त्रीच्या तोंडून आणि घरगुती भाषेत ऐकू आला. पत्राचे नाव ‘करमणूक’ असल्याने, सुधारणेचे नाव काढताच कपाळाला आठ्या पडणाऱ्या घरांतही या कथेला वाट मिळाली. संपादकाने निवडलेले हे सौम्य नाव कादंबरीकाराच्या चांगलेच कामी आले.

पुढील वर्षांत ‘मी’ व ‘यशवंतराव खरे’ या सामाजिक आणि ‘उषःकाल’ व ‘गड आला पण सिंह गेला’ या ऐतिहासिक कादंबऱ्या वाचकांसमोर आल्या. विजयनगरच्या पाडावावरील ‘वज्राघात’ ही त्यांची अखेरच्या काळातील कृती. ‘स्फुट गोष्टी’ लिहून त्यांनी मराठी लघुकथेचाही पाया घातला. दुष्काळावरील ‘काळ तर मोठा कठीण आला’ या कथेचे इंग्रजी रूपांतर ‘रामजी’ या नावाने १८९७ मध्ये लंडनहून प्रसिद्ध झाले.

या पद्धतीची किंमतही त्यांना मोजावी लागली. दर आठवड्याला मजकूर हवा, तो बहुतांशी स्वतःच लिहावयाचा आणि हाताखाली एकाहून अधिक कादंबऱ्या चालू, अशा स्थितीत कथानकाचा आराखडा आधीच आखून ठेवणे कठीण होते. त्यामुळे पाल्हाळ वाढला आणि उपकथानके मूळ कथेहून लांबली. ‘आजच’, ‘सूर्यग्रहण’ व ‘कर्मयोग’ या कादंबऱ्या तर अपूर्णच राहिल्या. मात्र याच संथ लयीमुळे स्वयंपाकघरातील बोलणी, सासूसुनांचे ताण, वाड्यातील कुजबुज यांना जागा मिळाली. समीक्षकांनी ज्याला पाल्हाळ म्हटले, त्यातच आजच्या वाचकाला एकोणिसाव्या शतकातील पुण्याचे घर तपशिलासह दिसते.

संपादक म्हणून त्यांची दृष्टी स्वतःच्या लेखनापुरती मर्यादित नव्हती. केशवसुतांच्या कवितांना ‘करमणुकी’त स्थान मिळाले. १९०५ मध्ये कवीचे अकाली निधन झाल्यावर ती कविता विखुरलेली होती. ती एकत्र करून १९१७ मध्ये ‘केशवसुतांची कविता’ हा संग्रह हरिभाऊंनी प्रसिद्ध केला. आधुनिक मराठी कवितेचे प्रवर्तक मानले जाणारे केशवसुत पुढच्या पिढ्यांच्या हाती ग्रंथरूपाने आले ते या परिश्रमामुळे.

१९१२ मध्ये अकोला येथे भरलेल्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद त्यांनी भूषविले. १९१५ मध्ये मुंबई विद्यापीठाच्या विल्सन व्याख्यानमालेत ते मराठी भाषेवर बोलले. पुणे नगरपालिकेच्या कारभारातही त्यांचा वाटा होता. १९१७ मध्ये ‘करमणूक’ बंद पडले आणि ‘कर्मयोग’ जेथवर आली होती तेथेच थांबली. ३ मार्च १९१९ रोजी पुण्यात हरिभाऊंचे निधन झाले. साप्ताहिक थांबल्यानंतर त्यांना दोन वर्षांहून अधिक आयुष्य लाभले नाही.