वाचकागणिक बदलणारी संहिता : सोपाऱ्याच्या शिलालेखांच्या निमित्ताने

प्रत्येक वाचकापुढे वेगळा मजकूर मांडणारा ग्रंथ ही कल्पना वाचकनिष्ठ समीक्षेला मोहक वाटावी, यात नवल नाही. बोर्हेसच्या ‘वाळूचे पुस्तक’ (१९७५) या कथेतील ग्रंथात एकदा पाहिलेले पान पुन्हा सापडत नाही. संहिता स्थिर नसते, वाचकच ती घडवतो, या प्रतिपादनाला असे ग्रंथ आयतेच रूपक पुरवतात. परंतु बदलत्या संहितेचा इतिहास पाहू गेल्यास हे रूपक बरेच भाबडे वाटू लागते. आणि तो इतिहास, गंमत अशी की, दगडावर कोरलेला आहे.

वसई तालुक्यातील गास या गावाच्या एका बाजूस सोपारा, दुसऱ्या बाजूस भुईगाव. पंडित भगवानलाल इंद्रजी यांना १८८२ मध्ये सोपाऱ्यास अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा मिळाला. नवव्या लेखाचा दगड १९५६ मध्ये भुईगावात सापडला. आठव्या लेखाचा उरलेला भाग इतका थोडा आहे की त्याची वाक्ये गिरनार, कालसी इत्यादी ठिकाणच्या प्रतींवरून पुरी करावी लागतात. अशी पूर्ती करताना एक गृहीतक नकळत स्वीकारले जाते : सर्वत्र मजकूर एकच होता.

तो एक नव्हता. विवाह, आजारपण, प्रवास अशा प्रसंगी लोक करतात त्या मंगलविधींपेक्षा धर्माचरणाचे मंगल श्रेष्ठ, असे सांगणाऱ्या नवव्या लेखाचे दोन निराळे शेवट उपलब्ध आहेत. गिरनार, धौली व जौगड येथे तो दानाकडे वळतो आणि धर्मदानाची थोरवी सांगतो. कालसी, शाहबाजगढी व मानसेहरा येथे ऐहिक विधींच्या फळाविषयीची शंका आणि धर्ममंगलाचे पारलौकिक फळ यांची चर्चा येते. चौदाव्या लेखात तर राजा स्वतःच सांगतो की हे लेख कुठे संक्षिप्त, कुठे मध्यम, कुठे विस्तृत आहेत. आपल्याकडे पाठभेद म्हटले की लेखनिकाच्या चुकीकडे बोट दाखवण्याची रीत आहे. येथे ती पुरत नाही.

कंदाहारच्या ग्रीक लेखांत ‘धम्म’चे ‘युसेबिया’ होते, आणि ‘पासंड’साठी तत्त्वज्ञांच्या संप्रदायाला लावला जाणारा ‘दियात्रिबी’ हा शब्द येतो. अशोकाच्या लेखी ‘पासंड’ म्हणजे कोणताही धर्मपंथ. परक्याच्या पासंडाचाही मान राखावा, असे बारावा लेख सांगतो. हाच शब्द मराठीत ‘पाखंड’ होऊन आला तेव्हा त्याचा अर्थ जवळपास उलटला होता. ‘देवानांप्रिय’ या राजपदवीची गत याहून वाईट : उत्तरकालीन संस्कृत व्याकरणात ती मूर्खाची संज्ञा ठरली. अक्षर न अक्षर कायम राहूनही संहिता बदलते, याचे याहून चांगले उदाहरण मला माहीत नाही.

पुढे लिपीच विस्मृतीत गेली. फिरोजशाह तुघलकाने चौदाव्या शतकात तोपऱ्याचा स्तंभ दिल्लीस आणवला. त्यावरील अक्षरे कोणालाच लागेनात; पण काही हिंदूंनी त्यांचा अर्थ असा सांगितला की फिरोज नावाचा सुलतान येईपर्यंत हा स्तंभ कोणालाही हलवता येणार नाही. इतिहासकार अफीफने ही हकीकत नोंदवली आहे. सतराव्या शतकाच्या आरंभी टॉमस कॉरियट या इंग्रज प्रवाशाला त्याच स्तंभावर ग्रीक अक्षरे आणि अलेक्झांडरचा विजय दिसला. जादूच्या ग्रंथात वाचकाला स्वतःचे नाव सापडावे, तसाच हा प्रकार. प्रिन्सेपने १८३७ मध्ये ब्राह्मीचा उलगडा केल्यावर तो थांबला.

स्टॅन्ली फिश यांच्या मते अर्थ ठरतो तो वाचकांच्या ‘अर्थनिर्णायक समुदायात’. हे मान्य केले तरी त्या समुदायात सुलतानही असतो, आणि त्याच्यासमोर अर्थ सांगणाऱ्याला आपली मान सांभाळायची असते, हे या मांडणीत पुरेसे येत नाही. वाचकाने बदललेली संहिता आणि वाचकाकडे पाहून सत्तेने बदललेली संहिता या दोन भिन्न गोष्टी आहेत. ‘अर्थाची अनिश्चितता’ या एकाच नावाखाली त्या टाकल्या की दुसरी दिसेनाशी होते.

दुसरीचे सर्वांत बोलके उदाहरण कलिंगात आहे. तेराव्या लेखात अशोक कलिंगयुद्धाचा हिशेब देतो : दीड लाख माणसे देशोधडीस लागली, एक लाख मारली गेली, त्याच्या कितीतरी पट मेली. त्याबद्दल तो पश्चात्तापही व्यक्त करतो. धौली आणि जौगड या खुद्द कलिंगातल्या दोन्ही प्रतींमध्ये अकरा ते तेरा हे लेख नाहीत. त्यांच्या जागी दोन स्वतंत्र लेख कोरले आहेत. त्यांत सर्व प्रजा आपली अपत्ये असल्याचे राजा सांगतो, अधिकाऱ्यांना न्यायाने वागण्याची ताकीद देतो आणि तिष्य नक्षत्राच्या दिवशी, एकच श्रोता असला तरी, हे वाचून दाखवावे असे बजावतो. लेख जाहीर वाचनासाठीच होता. म्हणून काय वगळले याला वजन आहे.

सोपाऱ्याचा तेरावा लेख, असलाच तर, अजून हाती आलेला नाही. गिरनारचा आहे. सौराष्ट्रातल्या श्रोत्याला कलिंगाच्या मृतांची गणती आणि राजाचा पश्चात्ताप दोन्ही ऐकायला मिळत होते; तोसलीच्या श्रोत्याला दर तिष्य नक्षत्राला ऐकवले जात होते ते एवढेच, की राजा त्याला बापाच्या ठिकाणी आहे.