ओठ मिटलेले, हात चालू

पारशिवनीत बसून तात्या विंचूचं मीम फॉरवर्ड करणाऱ्या किती जणांना त्या बाहुल्यात हात घालणाऱ्याचं नाव ठाऊक असेल? रामदास पाध्ये. शिक्षणाने मेकॅनिकल इंजिनिअर, पेशाने शब्दभ्रमकार.

कला घरातलीच. वडील य. के. पाध्ये यांचा अर्धवटराव आधीच गाजलेला. १९६७ साली तो रामदासांच्या हाती आला. २ ऑक्टोबर १९७२ला मुंबई दूरदर्शन सुरू झालं आणि शब्दभ्रमकाराचं काम अवघड झालं. नाट्यगृहात मागच्या रांगेला ओठ दिसत नाहीत. कॅमेरा थेट तोंडापाशी येतो. आणि प, फ, ब, भ, म ही अक्षरं ओठ मिटल्याशिवाय निघत नाहीत. साधं 'बाबा' म्हणायचं तर जिभेनेच नक्कल करायची. आरशासमोर करून बघा.

कपड्यांचंही तसंच. बाहुल्याचा कोट म्हणजे नुसती हौस नव्हे. पाठीला हात जाईल एवढी फट हवी, मान वळली की कॉलर ओढली जायला नको, आतली दांडी नि कळा झाकायला हव्यात. हे मोजपट्टीपेक्षा खेळवणाऱ्याच्या मनगटालाच नीट कळतं. पाध्यांकडे तर पत्नी अपर्णाही बाहुल्या खेळवतात.

मग १९९३चा 'झपाटलेला'. बाहुला पाध्यांचा, पण आवाज दिलीप प्रभावळकरांचा! आयुष्यभर आवाजाने चकवणारा माणूस इथे गप्प. मुलं रात्री पांघरुणात शिरली, त्यात त्या वळणाऱ्या मानेचा आणि हलणाऱ्या जबड्याचाही वाटा होता.