पळीभर तेल, घटकाभर पाणी

हॅरी पॉटरच्या चौथ्या पुस्तकात डंबलडोरच्या खोलीत एक दगडी भांडं आहे. त्यात पाण्यासारखं काहीतरी तरंगत असतं, आणि त्यात माणसांच्या आठवणी साठवलेल्या असतात. डोकं आत घातलं की दुसऱ्याचा भूतकाळ दिसतो. भडगावला आठवीत असताना मी हे वाचलं, तेव्हा अशी शाळा आपल्याकडे कुठून असणार असंच वाटलं होतं. आपल्याकडे कापूस, केळी आणि उन्हाळ्यात कोरडी पडणारी गिरणा.

त्याच वर्षी शाळेची सहल पाटणादेवीला गेली. चाळीसगावहून पुढे अठराएक किलोमीटर, गौताळ्याच्या डोंगराला चिकटून. आम्ही डबे खाल्ले, माकडांना हुसकावलं, देवीला हात जोडले आणि परत आलो. इथे एक शिलालेख आहे, हे कुणी सांगितलं नाही. मला ते कळलं पुण्यात, नोकरी लागल्यावर. रात्री एक वाजता बिल्ड संपायची वाट बघत मोबाइलवर काहीबाही वाचत होतो, तेव्हा.

तो शिलालेख एका शाळेचा आहे. १२०७ सालच्या श्रावणी पौर्णिमेला, चंद्रग्रहणाच्या वेळी, पाटणमधल्या एका मठाला देणगी दिली गेली. मठ काढला होता चांगदेवानं. (वाघावर बसून ज्ञानेश्वरांना भेटायला निघालेला तो हा चांगदेव नव्हे. आपल्या जिल्ह्यात हा घोटाळा हमखास होतो.) हा चांगदेव देवगिरीच्या सिंघण यादवाचा मुख्य ज्योतिषी आणि भास्कराचार्यांचा नातू. मठ कशासाठी, तर आजोबांची शास्त्रं, आधी सिद्धान्तशिरोमणी आणि मग घराण्यातले इतर ग्रंथ, तिथे शिकवली जावीत म्हणून. देणगी देणारा सोइदेव हा खानदेशावर राज्य करणारा, यादवांचा मांडलिक निकुंभ राजा.

लेखाचा मोठा भाग संस्कृतात आहे. त्यात घराण्याची वंशावळ आणि भरपूर स्तुती. शेवटी मात्र भाषा बदलते. मठाला काय काय मिळणार हा हिशोब थेट त्या काळच्या मराठीत कोरलाय. पाटणच्या बाजारात माल विकला गेला की गिऱ्हाइकाकडून राजाला जो कर मिळायचा, तो आता मठाला. गावात जेवढे तेलाचे घाणे चालतात, त्या प्रत्येकामागे पळी पळी तेल.

मला या पळीवरून पुढे सरकताच येईना. स्तुती कुणीही कोरून घेतं. पण चांगदेवाला माहीत होतं की आजोबा कितीही थोर असले तरी त्यांचं गणित आपोआप टिकणार नाही. मुलांना जेवण लागेल, रात्री दिव्यात तेल लागेल, आणि ते दर महिन्याला कुठून येणार हे दगडावर लिहून ठेवावं लागेल. आमच्या कंपनीत नवं फीचर बनवायला पैसे मिळतात, जुनं चालू ठेवायला कुणी देत नाही, त्यामुळे मला हा माणूस एकदम ओळखीचा वाटला. आणि हा हिशोब संस्कृतात ठेवून चाललं नसतं. तेल्याला आणि व्यापाऱ्याला तो कळायला हवा होता.

आता पाण्याकडे येतो. भास्कराचार्य जन्मले १११४ साली, आणि सिद्धान्तशिरोमणी लिहिला ११५० मध्ये, छत्तिसाव्या वर्षी. आपलं जन्मवर्ष ते आकड्यांत देत नाहीत, शब्दांत देतात. रस म्हणजे ६, गुण म्हणजे ३, पूर्ण म्हणजे ०, मही म्हणजे १. उलटीकडून वाचलं की शके १०३६. या पद्धतीत ४ लिहायचा असेल तर समुद्राचं कुठलंही नाव चालतं: सागर, अब्धि, जलधि. सुटे आकडे डोक्यातून निसटतात, श्लोक निसटत नाही.

याच ग्रंथातल्या यंत्राध्यायात घटिकायंत्र आहे. अर्ध्या घड्याच्या आकाराचं तांब्याचं भांडं, बुडाला भोक. ते पाण्यावर ठेवायचं. पाणी आत शिरतं, भांडं भरतं आणि बुडतं. त्याला लागणारा वेळ म्हणजे एक घटका, २४ मिनिटं. दिवसरात्रीच्या ६० घटका. आधीच्या ग्रंथांत भांड्याची मापं आणि भोकासाठी सोन्याच्या सुईची लांबी वगैरे दिलेली असे. भास्कराचार्य ती भानगडच काढून टाकतात. भोक हवं तेवढं ठेवा, भांडं दिवसरात्रीत किती वेळा बुडतं ते मोजा, आणि दिवसरात्रीला त्या संख्येनं भागा. तुमच्या भांड्याचं माप तुम्हाला मिळालं.

मी करून बघितलं. गेल्या दिवाळीत घरी एका जुन्या स्टीलच्या वाटीला खिळ्यानं भोक पाडलं आणि ती बादलीत सोडली. कधी पावणेआठ मिनिटं, कधी सव्वाआठ. आठ धरली तर दिवसाला १८० बुड्या, तीन बुड्यांची एक घटका. वाकडंतिकडं भोक असलेली माझी वाटी भास्कराचार्यांच्या हिशोबानं चक्क घड्याळ होती. फक्त दर आठ मिनिटांनी ती बाहेर काढून, रिकामी करून पुन्हा ठेवायला कुणीतरी लागतं. चौथ्या बुडीनंतर मी कंटाळलो.

लीलावतीची गोष्ट तुम्ही ऐकली असेल. भास्कराचार्यांच्या मुलीच्या लग्नाचा एकच मुहूर्त, त्यासाठी ठेवलेलं घटिकापात्र, ती वाकून बघते, दागिन्यातला मोती आत पडतो, भोक बुजतं, मुहूर्त टळतो. मग वडील तिच्या नावानं गणिताचं पुस्तक लिहितात. ही गोष्ट येते अकबराच्या दरबारातल्या फैजीनं १५८७ मध्ये केलेल्या फारसी भाषांतरात, म्हणजे मूळ ग्रंथानंतर चारशेहून जास्त वर्षांनी. पाटणच्या लेखात भास्कराचार्यांचा मुलगा लक्ष्मीधर आहे, मुलगी नाही. तरी सगळ्यांना मोती माहीत आहे आणि तेलाची पळी कुणालाच नाही. मला याचा थोडा राग येतो. गोष्ट सुंदर आहे, तक्रार तिच्याबद्दल नाही. पण तिच्यात गणित टिकलं ते एका बापाच्या दुःखामुळे. पाटणला ते टिकावं म्हणून घाणेवाले तेल मोजत होते.

मठाला देणगी मिळाल्यावर एकशे अकरा वर्षांत, १३१८ मध्ये, यादवांचं राज्य संपलं. मठ आज उभा नाही. पुस्तकं मात्र नकलांमधून फिरत राहिली. कोकणात नांदगावच्या गणेश दैवज्ञानं १५४५ मध्ये लीलावतीवर टीका लिहिली, १८१७ मध्ये कोलब्रुकनं ती इंग्रजीत नेली. पाटणचा दगड मुंबईच्या डॉ. भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला, १८६५ च्या सुमारास.

आणि घटका आपल्या तोंडात राहिली. घटकाभर बस, असं आपण घड्याळ न बघता म्हणतो. कुणाची घटका भरत आली म्हणतो तेव्हा भरत असतं ते पाण्यावरचं भांडं. शेवटच्या घटका मोजणारा माणूस खरं तर बुड्या मोजत असतो. भांडं घरातून गेलं, त्याचं काम भाषेनं चालू ठेवलं.

माझ्या आजीनं आयुष्यात घटिकापात्र पाहिलं असेल तर फार तर एखाद्या लग्नात. बादलीतली वाटी बघून ती म्हणाली, "चांगल्या वाटीला भोक कशाला पाडलंस रे?" मी मठ, चांगदेव, तेल, सगळं सांगितलं. तिनं पूर्ण ऐकून घेतलं आणि विचारलं, पळी केवढी होती? लेखात ते नाही. वाटी आता तुळशीवर टांगलेली आहे, आई सकाळी भरते, आणि ती थेंब थेंब गळत राहते.