मराठी स्त्रिया आणि इंग्रजी विशेषनामे

बीड तालुक्यातील नेकनूर या ग्रामनामात दोन मूळचे परकीय शब्द एकत्र दिसतात. ‘नेक’ हा फारसी. त्याचा अर्थ चांगला. ‘नूर’ हा अरबी. त्याचा अर्थ तेज. इ. स. १९४८ पर्यंत हा मुलूख निजामाच्या राज्यात होता. दरबारी भाषा प्रथम फारसी व पुढे उर्दू असल्यामुळे असे शब्द येथील मराठीत पूर्णपणे मुरले. ‘नूर’ हे मुलीचेही नाव आहे. इंग्रजीतील ‘लूसी’ हे जुने नाव प्रकाशवाचक लॅटिन शब्दापासून आले आहे. अर्थाच्या दृष्टीने ही दोन्ही नावे एकच होत. तथापि नेकनूरच्या कानास पहिले ओळखीचे वाटते, दुसरे परके. यावरून विशेषनामाची निवड केवळ अर्थावरून होत नाही, हे उघड आहे. तिच्यामागे प्रतिष्ठेची कल्पना असते आणि नाव ठेवण्याचा अधिकार कोणाचा, हा प्रश्नही असतो.

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात इंग्लंडमध्ये मुलींना फुलांची व रत्नांची नावे देण्याची प्रथा लोकप्रिय झाली. लिली, डेझी, व्हायोलेट, रूबी, पर्ल ही त्यांपैकी काही. मराठीत अशा नावांची वाण कधीच नव्हती. जाई, शेवंता, चंपा, हिरा, माणिक ही नावे त्याच जातीची होत. ‘रूबी’ म्हणजे माणिकच, आणि ‘मार्गारेट’ या नावाच्या मुळाशी मोती या अर्थाचा ग्रीक शब्द आहे. म्हणजे इंग्रजी नावाने मराठी घरात नवा अर्थ आणला नाही. आणला तो केवळ नवा ध्वनी आणि त्याला चिकटलेले सामाजिक वजन. कधी तर सामान्यनामाचेच विशेषनाम झाले. ‘जिणं आमुचं’ या आत्मकथनाच्या लेखिका बेबीताई कांबळे (१९२९–२०१२) यांच्या नावातील इंग्रजी ‘बेबी’ला मराठी ‘ताई’ इतकी सहज जोडली गेली आहे की त्यातील सांधा जाणवतही नाही.

इंग्रजी नाव मराठी स्त्रीपर्यंत पोहोचण्याचा एक मार्ग बाप्तिस्म्याचा होता. पंडिता रमाबाईंनी इ. स. १८८३ मध्ये इंग्लंडातील वाँटेज येथे बाप्तिस्मा घेतला. त्या वेळी त्यांचे नाव ‘मेरी रमा’ झाले आणि अवघ्या दोन वर्षांच्या मनोरमेच्या नावालाही ‘मेरी’ जोडले गेले. परंतु मूळचे नाव पुसले गेले नाही. इ. स. १८८९ मध्ये मुंबईत ‘शारदा सदन’ उघडणाऱ्या बाईंना महाराष्ट्र रमाबाई म्हणूनच ओळखत राहिला.

लक्ष्मीबाई टिळकांचे उदाहरण याहून बोलके आहे. माहेरची मनकर्णिका सासरी ‘लक्ष्मी’ झाली, ती विवाहाच्या रूढीने. पुढे इ. स. १९०० मध्ये त्या ख्रिस्ती झाल्या. तरी नाव लक्ष्मीबाई हेच राहिले. धर्मांतराने जे बदलले नाही, ते लग्नाने बदलले होते. तेव्हा परके नाव म्हणजे परकी ओळख, हे समीकरण तपासून घ्यावे लागते. तांदळाच्या ताटात पतीने अंगठीने लिहिलेले नाव अस्सल मराठी असे. परंतु ज्या मुलीचे नाव बदले, तिला त्याबाबत क्वचितच विचारले जाई.

चित्रपटसृष्टीत हा प्रवाह उलट दिशेने वाहिला. पुण्यात जन्मलेल्या ज्यू अभिनेत्री रूबी मायर्स (१९०७–१९८३) मूकपटांच्या काळात ‘सुलोचना’ झाल्या. ‘लाइट ऑफ एशिया’ (१९२५) या चित्रपटातील रेनी स्मिथ पडद्यावर ‘सीतादेवी’ म्हणून आल्या. येथे निवडीचे कारण धर्म नव्हे, प्रेक्षक हे होते. प्रतिष्ठा इंग्रजी नावातच वसते, असा नियम त्यामुळे मांडता येत नाही. ज्यांच्यासमोर ते नाव उच्चारले जाणार, त्यांच्याकडून ती ठरते.

जुनी नावे फिरून येतात, हेही लक्षात घेण्यासारखे आहे. इ. स. २०२१ मध्ये इंग्लंड व वेल्समध्ये जन्मलेल्या मुलींच्या पहिल्या दहा नावांत आयव्ही, लिली आणि फ्लॉरेन्स ही आजीपणजीच्या पिढीतील नावे होती. उद्या एखाद्या मराठी घराने त्यांतील एखादे निवडले, तर त्यात भाषेची हानी मानण्याचे कारण नाही. ‘नूर’ जसे पचले, तसे ‘लिली’ही पचेल.

हानी असते ती दुसरीकडे. ‘नकुसा’ हे नाव शुद्ध मराठी आहे. त्याचा अर्थ कोशात पाहावा लागत नाही. नको असताना जन्मलेल्या मुलींना दिलेले हे नाव सातारा जिल्ह्यात इ. स. २०११ मध्ये २८५ मुलींच्या बाबतीत समारंभपूर्वक बदलण्यात आले. त्याच वर्षीच्या जनगणनेत बीड जिल्ह्यात सहा वर्षांपर्यंतच्या दर हजार मुलग्यांमागे मुली केवळ ८०७ होत्या. ज्या मुली जन्मासच आल्या नाहीत, त्यांच्या कानात कोणत्याही आत्याने कोणत्याही भाषेतील नाव सांगितले नाही. म्हणून नेकनूरच्या पाळण्यात कोणते नाव पडते यापूर्वी, ते आनंदाने ठेवले जाते की नाही, हे पाहणे अगत्याचे आहे.