वेशभूषा आणि ऐतिहासिक स्मृती : क्रिस्तिना झाखवातोविच यांची कलाकारकीर्द

चित्रपटाचा इतिहास बहुधा दिग्दर्शकांच्या नावाने लिहिला जातो. वेशभूषाकाराची नोंद श्रेयनामावलीत होते आणि तेथेच संपते. पोलंडमधील नेपथ्यकार, वेशभूषाकार व अभिनेत्री क्रिस्तिना झाखवातोविच यांच्या बाबतीत आणखी एक अडचण आहे. त्या विख्यात दिग्दर्शक आंद्रेय वायदा यांच्या पत्नी. त्यामुळे त्यांचे कार्य पतीच्या चरित्रातील एक प्रकरण म्हणून वाचले जाते. प्रस्तुत लेखात ते स्वतंत्रपणे पाहण्याचा प्रयत्न केला आहे.

त्यांचा जन्म १६ मे १९३० रोजी वॉर्सा येथे झाला. वडील यान झाखवातोविच हे वास्तुविशारद. १९४४च्या वॉर्सा उठावात चौदा वर्षांच्या क्रिस्तिना सहभागी होत्या. उठाव मोडल्यानंतर जर्मनांनी शहर पद्धतशीरपणे जमीनदोस्त केले. युद्धानंतर जुन्या वॉर्साची पुनर्बांधणी ज्यांच्या नेतृत्वाखाली झाली, त्यांत यान यांचे नाव अग्रभागी येते. १९८० साली युनेस्कोने या पुनर्निर्मित भागाला जागतिक वारसा म्हणून मान्यता दिली. नष्ट झालेला भूतकाळ बारकाव्यांसह पुन्हा उभा करता येतो, हा संस्कार कन्येला घरातूनच मिळाला असावा, असे अनुमान करण्यास जागा आहे.

क्राकोव येथे त्यांनी कलेतिहास आणि पुढे नेपथ्यकला यांचे शिक्षण घेतले. तेथील ‘पिवनित्सा पॉद बारानामी’ या तळघरातील कॅबरेमध्ये त्या भाबड्या नायिकेच्या विनोदी सोंगात गात असत. मात्र त्यांचे खरे कर्तृत्व रंगभूमीवर सिद्ध झाले. कॉनराड स्विनार्स्की यांनी १९६५ मध्ये क्राकोवच्या स्तारी थिएटरमध्ये क्रासिन्स्की यांचे ‘ना-दैवी सुखात्मिका’ हे नाटक सादर केले, त्याचे नेपथ्य झाखवातोविच यांचे होते. हे काम वायदांशी झालेल्या विवाहापूर्वीचे आहे, ही बाब लक्षात घेण्यासारखी आहे.

चित्रपटातील त्यांच्या वेशभूषेचा विचार करताना ‘विवाह’ (१९७३) या वायदांच्या चित्रपटापाशी थांबावे लागते. स्तानिस्लाव विस्पियान्स्की यांच्या १९०१च्या नाटकावर तो आधारलेला आहे. शहरी कवी आणि शेतकरी कन्या यांच्या लग्नघरी एका रात्री पोलंडच्या इतिहासातील भुते अवतरतात. एकीकडे काळे कोट, दुसरीकडे क्राकोव परिसरातील भरजरी ग्रामीण पोशाख. दोन वर्गांतील दरी संवादांआधी कपड्यांतूनच दिसते. नाटकाचा कळसही एका वेशवस्तूवर उभा आहे. राष्ट्राला जागे करणारे सुवर्णशिंग यासिएक या तरुणाच्या हाती सोपविलेले असते. मोरपिसांची टोपी उचलायला तो वाकतो आणि शिंग हरवते. अशा कलाकृतीत वेशभूषा ही सजावट राहूच शकत नाही, ती कथानकाचा भाग होते. म्हणूनच तिच्या कर्त्रीचे नाव गौण मानणे योग्य नव्हे.

अभिनेत्री म्हणून त्यांची स्मरणात राहणारी भूमिका ‘संगमरवरी माणूस’ (१९७७) मधील हान्का ही होय. स्टॅलिनकालीन आदर्श कामगार बिरकूट तुरुंगात जातो. पत्नी हान्का त्याच्याशी संबंध तोडते. पुढे झाकोपाने येथे, सुस्थितीतील घरात, मद्याच्या आधाराने जगणारी हान्का तरुण चित्रपटकर्तीसमोर कोसळते. तरुण आणि प्रौढ हान्का दोन्ही झाखवातोविच यांनीच साकारल्या. भूतकाळ जपणे हा जिचा व्यवसाय, तिने भूतकाळ नाकारणाऱ्या स्त्रीची भूमिका करावी, हा योगायोग बोलका आहे. ‘विल्कोच्या कन्या’ (१९७९) मधील काझिया तुलनेने संयत आहे. 

‘नास्तास्या’ (१९९४) मध्ये त्यांच्या वेशभूषेने वेगळीच कसोटी पार पाडली. दोस्तोयेव्हस्कीच्या ‘इडियट’ कादंबरीवरील या चित्रपटात काबुकी रंगभूमीवर स्त्रीभूमिका करणारे बांदो तामासाबुरो हेच मिश्किन आणि नास्तास्या दोन्ही साकारतात. एक शाल, एक कर्णभूषण आणि बदललेली मान, एवढ्यावर पुरुषाची स्त्री होते. ‘विवाह’मधील वैपुल्याच्या शेजारी ही काटकसर ठेवून पाहिली, म्हणजे त्यांच्या दृष्टीचा आवाका कळतो.

जपानशी जुळलेले हे नाते चित्रपटापुरते नव्हते. १९८७ साली वायदांना मिळालेल्या क्योटो पुरस्काराची रक्कम या दांपत्याने क्राकोवमधील जपानी कलासंग्रहाच्या वास्तूसाठी दिली आणि त्यासाठी दोघांनी मिळून प्रतिष्ठान स्थापन केले. आराता इसोझाकी यांनी आरेखित केलेली ‘मांग्घा’ ही वास्तू विस्तुला नदीच्या काठी १९९४ मध्ये खुली झाली.