बिनवाटेचा रस्ता : तेरचं कापड, यक्षाची थाप आणि बंद झालेलं बंदर

एसटीत नेटवर्क जातं, हेडफोन घरी राहतात, म्हणून नेहमीप्रमाणं आजच्या भागाचा हा लेखी मजकूर.

फँटसी गेम खेळणाऱ्यांना एक नकाशा पाठ असतो. एका टोकाला श्रीमंत बंदर, दुसऱ्या टोकाला लांबचं शहर, मधे जंगल, श्वापदं, मायावी राक्षस. व्यापाऱ्याचा तांडा निघतो आणि पोचेल का नाही याची गॅरंटी नसते. आज अशाच एका रस्त्याबद्दल बोलू, फक्त हा खरा आहे. औशापासून सरळ रेषेत चाळीसेक किलोमीटरवर तो सुरू होतो, तेरमध्ये.

तेर म्हटलं की आपल्याला गोरोबाकाका आठवतात, आणि ते बरोबरच आहे. पण गोरोबाकाकांच्याही बाराशे वर्षं आधी तेरणेकाठचं हे गाव ग्रीक दर्यावर्दींना ‘तगर’ म्हणून ठाऊक होतं. इसवी सनाच्या पहिल्या शतकात इजिप्तकडच्या एका ग्रीक भाषिक व्यापाऱ्यानं ‘पेरिप्लस ऑफ द एरिथ्रियन सी’ नावाचं पुस्तक लिहिलं. लेखकाचं नाव त्यात नाही. कुठल्या बंदरात काय विकतं, काय मिळतं, कुठं जपून राहायचं, अशी ती व्यापारी गाईड आहे. तगर म्हणजेच तेर, हे १९०१ साली जे. एफ. फ्लीट यांनी मांडलं.

त्यातला हिशोब असा : भडोच बंदरापासून दक्षिणेला २० दिवसांवर पैठण, आणि तिथून पूर्वेला १० दिवसांवर तगर. (दिशा जरा चुकलीय, तेर पैठणच्या आग्नेयेला आहे. पण तो माणूस समुद्रावरचा, चालायचंच.) पैठणहून अकीकासारखे दगड जायचे. तगरहून साधं कापड भरपूर, तऱ्हेतऱ्हेची मलमल, आणि मोलोखिना नावाचं एक कापड, ज्याचं नाव रंगावरनं पडलं की धाग्यावरनं यावर अभ्यासक अजून भांडतात. हा सगळा माल गाड्यांमधून यायचा, आणि तोही, तो लिहितो, वाट नसलेल्या मोठमोठ्या प्रदेशांतून.

मी नकाशावर सरळ रेषा टाकून बघितलं. तेर ते पैठण साधारण १५५ किलोमीटर, पैठण ते भडोच साधारण ३५०. भागाकार केला तर दोन्हीकडं दिवसाला १५ ते १८ किलोमीटर येतात. म्हणजे गड्यानं आकडे उगीच फेकले नव्हते. बैलगाडीचा वेगच लिहून ठेवला होता. आज औशाहून तेरला आपण दीड तासात जातो, त्या गाडीला दोन-तीन दिवस लागले असते.

आणि वाटेवर काय? भडोचच्या आतल्या मुलखाबद्दल तो ओसाड प्रदेश, मोठे डोंगर, बिबटे, वाघ, हत्ती, प्रचंड साप, तरस, वानरं अशी यादीच देतो. गेमचा बेस्टिअरी वाटावा! स्वतः तो आत कितपत आला असेल याची मला शंका आहे. बंदरावर गाडीवाल्यांनी सांगितलेलं त्यानं टिपलं असावं, आणि गाडीवाले थोडं वाढवूनच सांगणार.

जादू मात्र आपल्याकडच्या गोष्टींत आहे. जातककथांमधली पहिलीच कथा, अपण्णक जातक, एका निर्जळ वाळवंटातल्या तांड्याची आहे. ५०० गाड्या, पाण्याचे मोठे रांजण भरलेले. वाटेत एक यक्ष भेटतो. कपडे ओले, केस ओले, हातात कमळं. म्हणतो, पुढं धो धो पाऊस चाललाय, एवढं पाणी कशाला ओढताय? सार्थवाह, म्हणजे तांड्याचा प्रमुख, रांजण फोडून टाकतो. पुढं थेंबभर पाणी नाही. रात्री यक्ष येऊन माणसं, बैल, सगळे खातात. माल तेवढा जागेवर राहतो.

मग दुसरा तांडा येतो. त्यालाही तीच थाप. पण हा सार्थवाह आपल्या माणसांना विचारतो : पावसाचा वारा कुणाला लागला? ढग कुणी पाहिला? वीज? गडगडाट? कुणालाच काही नाही. मग पाणी सांडायचं नाही. दुष्काळी भागातल्या माणसाला या कथेचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही. यक्ष खोटा असेल, पण पाण्याचा हिशोब चुकला की तांडा संपतो, हे अगदी खरं. जुन्नरजवळच्या नाणेघाटात कातळात पाण्याची टाकी खोदलेली आहेत, ती याच धाकानं.

आता तुम्ही म्हणाल, नाणेघाट मधेच कुठून आला? कारण तेरच्या कापडाला समुद्र गाठायला आणखी एक वाट होती : जुन्नरवरनं नाणेघाट उतरून कल्याण. घाट खडा, तिथं गाडी चालत नाही, माल जनावरांच्या पाठीवर चढवावा लागणार. सातवाहनांनी तिथं लेणं खोदलं, राजघराण्याच्या प्रतिमा कोरल्या, नागनिकेचा लेख कोरला. त्या लेखाची सुरुवातच देवांना वंदनानं होते : इंद्र, संकर्षण-वासुदेव, चंद्र-सूर्य, यम, वरुण, कुबेर. बाहेर एक दगडी रांजण आहे, तो जकातीचा असं लोक सांगतात.

तेर ते कल्याण सरळ रेषेत साधारण ३३५ किलोमीटर. गाडीच्या त्याच वेगानं २० दिवस, घाटाचे एक-दोन वाढवा. भडोचला लागतात ३०. मग माल भडोचला का जायचा? पेरिप्लसच सांगतो. कल्याण पूर्वी खुलं बंदर होतं. संदनेस नावाच्या राजाच्या हाती ते गेलं आणि व्यापार अडवला गेला. चुकून एखादं ग्रीक जहाज तिथं लागलंच तर पहाऱ्यात भडोचला नेलं जायचं. भडोच कुणाकडं होतं? पेरिप्लस मंबानोस म्हणतो, बरेच अभ्यासक तो क्षत्रप नहपान मानतात. म्हणजे सातवाहनांचा शत्रू.

माझ्या मते या रस्त्यावरचं सगळ्यात मोठं संकट हेच होतं. वाघाला मशाल दाखवता येते, यक्षाला चार प्रश्न विचारता येतात. पण कोकणात कुणीतरी बंदर बंद करतो आणि तेरणेकाठच्या विणकराचं कापड आठ-दहा दिवस लांबच्या वाटेला लागतं, तेही शत्रूच्या दारात जकात भरायला. तेवढे दिवस बैलांचा चारा, माणसांचं खाणं, राखण, सगळं त्या कापडाच्या किमतीतून जाणार. त्या विणकराला संदनेसचं नावही माहीत नसेल.

बरं, भडोचला पोचलं म्हणजे सुटलो असंही नाही. नर्मदेच्या मुखाशी भरती इतक्या जोरात आत शिरायची की लांबून सैन्याची आरोळी यावी तसा आवाज व्हायचा आणि जहाजं उलटायची. म्हणून राजाचे कोळी मोठ्या होड्या घेऊन समोर जायचे आणि जहाजं ओढत आत आणायचे.

पुढं बाजी पलटली. गौतमीपुत्र सातकर्णीनं नहपानाला हरवलं. १९०६ साली नाशिक जिल्ह्यात जोगळटेंभीला चांदीच्या नाण्यांचा साठा सापडला. नहपानाची १३ हजारांहून जास्त नाणी, आणि त्यातल्या ९ हजारांहून अधिक नाण्यांवर गौतमीपुत्रानं स्वतःचा छाप परत मारलेला. वितळवत बसला नाही, चेहऱ्यावरच ठोकला!

तेरला गेलात तर रामलिंगप्पा लामतुरे संग्रहालय चुकवू नका. तिथली हस्तिदंती बाहुली नीट बघा. इटलीत पाँपेई शहर इसवी सन ७९ मध्ये ज्वालामुखीच्या राखेत गाडलं गेलं. १९३८ साली तिथं एक भारतीय हस्तिदंती स्त्रीमूर्ती निघाली. ती आणि ही, शिवाय जालना जिल्ह्यातल्या भोकरदनची, एकमेकींच्या नात्यातल्या दिसतात. पाँपेईची नेमकी कुठं घडली यावर वाद आहे. दोघींचे फोटो मोबाईलवर शेजारी शेजारी ठेवा, दागिने बघा, आणि तुम्हाला काय वाटतं ते सांगा.