लवण राजाची साठ वर्षे

सरकारी नोकरीत वर्षे बदल्यांनी मोजली जातात. निवृत्तीच्या दिवशी मागे वळून पाहावे, तो तीस वर्षे कोठे गेली हे कळत नाही. पण परमुलखात आजारी मुलाच्या उशाशी काढलेली एखादी रात्र सरता सरलेली नसते. काळ बाहेर वाहतो की जाणिवेत, हा प्रश्न म्हणूनच केवळ पंडितांचा नव्हे. आपल्या देशात त्याचा अत्यंत धाडसी विचार योगवासिष्ठात झाला.

हा ग्रंथ वाल्मीकीच्या नावावर चालत आला असून परंपरा त्याची श्लोकसंख्या ३२,००० सांगते. त्याचे जुने रूप काश्मीरात ‘मोक्षोपाय’ या नावाने टिकून राहिले. त्यात काश्मीरचा राजा यशस्कर याचा उल्लेख येतो. त्यावरून विद्वान या रूपाचा काळ दहाव्या शतकाच्या मध्यास ठेवतात. प्रसंग असा : तीर्थयात्रेहून परतलेल्या तरुण रामाचे मन कशातच रमेना. यज्ञरक्षणासाठी त्यास न्यावयास विश्वामित्र आलेले. तेव्हा भर दरबारात वसिष्ठ बोलू लागतात, आणि सिद्धान्तापेक्षा कथांनीच अधिक बोलतात.

त्यांतील लवण राजाची कथा आम्हांस सर्वांत अर्थपूर्ण वाटते. राजा सभेत बसला असता एक ऐंद्रजालिक येऊन मोरपिसांचा कुंचा फिरवतो. राजाची दृष्टी स्थिरावते. थोड्याच वेळाने तो भानावर येतो आणि थरथरत सांगू लागतो : घोड्याने आपणास अरण्यात नेले, भुकेने व्याकुळ असता एका चांडाळकन्येने विवाहाच्या अटीवर अन्न दिले, तिच्या वस्तीत आपण साठ वर्षे संसार केला. पुढे दुष्काळ पडला. भुकेल्या मुलाला आपले मांस तरी मिळावे म्हणून आपण चितेत उडी घेणार, तोच जाग आली.

कथा येथे संपती, तर ‘सारे स्वप्न’ एवढेच तात्पर्य उरले असते. परंतु दुसऱ्या दिवशी राजा विंध्याकडे निघतो. तेथे ती वस्ती खरोखरच आढळते आणि लेक-जावयासाठी आक्रोश करणारी वृद्धा भेटते. वसिष्ठांचे उत्तर असे, की देश आणि काळ हे मनाचेच विस्तार होत. एका मनात उमटले तेच इतर मनांतही उमटू शकते. क्षणाचे कल्प होते, कल्पाचा क्षण होतो. तथापि राजा त्या वृद्धेला झिडकारीत नाही. तो तिचे दुःख ऐकून घेतो.

पुढे राज्यकर्त्यांनाही या ग्रंथाची ओढ लागली, हे नवल नव्हे. त्याच्या संक्षेपाचे फारसी भाषांतर १५९७-९८ च्या सुमारास निजामुद्दीन पानिपती याने शाहजादा सलीम, म्हणजे पुढचा जहांगीर, याच्यासाठी पंडितांच्या साहाय्याने केले. दारा शुकोहने १६५६ मध्ये नवे भाषांतर करविले. तीनच वर्षांनी, १६५९ मध्ये, सत्तेच्या झगड्यात त्याचा वध झाला.

योगवासिष्ठ हा संसार सोडावयास सांगणारा ग्रंथ आहे, असा समज आढळतो. आम्हांस तो मान्य नाही. उपदेशाअंती राम अरण्याकडे वळत नाही. आसक्ती सोडून कर्तव्याला लागतो. परप्रांती गेलेली वर्षे आयुष्यातून वजा झाली, असे आपल्यापैकी अनेकांस वाटते. लवण राजाची साठ वर्षे मात्र वजा झाली नाहीत. त्यांच्यासाठी रडणारे कोणीतरी तेथे होते. आपण सोडून आलेल्या गावांतही आपली आठवण काढणारे कोणी असेल, तर ती वर्षे आपलीच होत.